कृष्णाखोरे : स्वातंत्र्ययुद्धाचे अधिकरण

(श्रीमठाच्या वर्धापन-महोत्सवात दिलेले व्याख्यान)



श्रीसद्गुरूंच्या चरणी मस्तक ठेवून मी आपल्या सेवेस उभा आहे. मी पाठशाळेत व्याकरण शिकविणारा मनुष्य. इतिहास हा माझ्या अध्यापनाचा विषय नव्हे. तथापि कृष्णेच्या खोऱ्याने मराठ्यांच्या स्वातंत्र्ययुद्धात काय कार्य केले, याविषयी या महोत्सवात चार शब्द बोलावेत अशी आज्ञा झाली. आज्ञा शिरसावंद्य आहे. परंतु परक्या शेतात नांगर घालावयाचा तर बैल तरी आपले असावेत, या विचाराने व्याकरणातील एक कल्पना हाती धरूनच मी या विषयात उतरणार आहे.

आपल्यापैकी ज्यांनी पाठशाळेत चार दिवस काढले आहेत, त्यांना कारके ठाऊक आहेत. क्रियेच्या सिद्धीस जे जे हातभार लावते त्याला कारक म्हणावे. कर्ता, कर्म, करण, संप्रदान, अपादान आणि अधिकरण अशी सहा कारके पाणिनीने मानली. यांतील शेवटचे अधिकरण म्हणजे आधार, म्हणजे क्रिया जेथे घडते ते स्थान. विद्यार्थी मला नेहमी विचारतात की, स्थान तर स्वस्थ पडलेले असते, त्याने क्रियेस काय साहाय्य केले? त्यांना मी स्वयंपाकघराचा दाखला देतो. देवदत्त पातेल्यात भात शिजवितो. देवदत्त आहे, तांदूळ आहेत, अग्नी आहे. पण पातेले काढून घ्या, म्हणजे त्या तिघांचे काय होते ते पाहा. पातेले स्वतः काही करीत नाही, परंतु ते धरून ठेवते, आणि धरून ठेवणे हेही एक कार्यच आहे. म्हणूनच षष्ठीच्या नुसत्या संबंधाला आपल्या आचार्यांनी कारकांच्या पंक्तीस बसविले नाही. अधिकरणाला मात्र मानाचा पाट दिला.

इतिहास वाचताना आपण कर्त्याकडे पाहतो. संताजी, धनाजी, ताराबाई ही नावे ओठांवर येतात, आणि ती यावीत हे योग्यच आहे. आज मात्र मी आपले लक्ष अधिकरणाकडे वेधू इच्छितो.

प्रथम या भूमीची ओळख करून घेऊ. क्षेत्र महाबळेश्वरी पंचगंगेच्या मंदिरात पाच नद्यांचे उगम मानले जातात. त्यांतील सावित्री पश्चिमेस कोकणात उतरते. कृष्णा, वेण्णा आणि कोयना पूर्वेकडे वळतात. कृष्णा वाईवरून येते, माहुलीस वेण्णेला पोटात घेते, आणि कऱ्हाडास कोयना तिला समोरासमोर येऊन भेटते. पुढे हरिपुरास वारणा आणि नरसोबाच्या वाडीस पंचगंगा मिळाली, की ती आपल्या सीमाभागात प्रवेश करते आणि मराठीचे बोल मागे ठेवून कन्नडाच्या अंगणात जाते. जिचे तीर्थ आपण येथे ओंजळीत घेतो, ती वाईच्या घाटावरून आलेली असते.

या खोऱ्याच्या पश्चिमेस सह्याद्रीची मुख्य रांग आहे, आणि पूर्वेस शंभू महादेवाचा डोंगर कृष्णेचे पाणी भीमेच्या पाण्यापासून वेगळे करतो. या दोन भिंतींमध्ये पाऊस किती विषम पडतो पाहा. महाबळेश्वरी वर्षाला पाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस कोसळतो, तर शंभू महादेवापलीकडच्या माणदेशात तो पाचशेच्या आसपासच असतो. मधल्या पट्ट्यात काळी जमीन, जोंधळा, बारमाही पाणी आणि घोड्यांना चारा. दोन्ही बाजूंच्या डोंगरांवर गडांची रांग : पांडवगड, वैराटगड, चंदन-वंदन, सातारा, परळी, वसंतगड, मच्छिंद्रगड, कोयनेच्या अरण्यात वासोटा, आणि तिच्या उगमाजवळ प्रतापगड. दोन डोंगरांमधील अशा भूमीला संस्कृतात द्रोणी म्हणतात. द्रोणी म्हणजे पाणी धरणारे लाकडी पात्रही. आणि मराठीत नदीच्या प्रवाहमार्गाला आपण पात्रच म्हणतो. मघाच्या दाखल्यातले पातेले भाषेनेच येथे आणून ठेविले आहे.

औरंगजेब बादशहा इ. स. १६८१ च्या अखेरीस दक्षिणेच्या सीमेवर बुऱ्हाणपुरास आला, आणि पुन्हा उत्तरेस गेला नाही. विजापूरचे राज्य १६८६ मध्ये आणि गोवळकोंड्याचे १६८७ मध्ये त्याने बुडविले. त्याच १६८७ च्या डिसेंबरात वाईजवळ झालेल्या लढाईत सरसेनापती हंबीरराव मोहिते पडले. ते तळबीडचे, आणि तळबीड हे कऱ्हाडजवळ वसंतगडाच्या पायथ्याचे गाव. या गावाचे नाव आपण ध्यानात ठेवावे. ते पुन्हा येणार आहे.

फेब्रुवारी १६८९ मध्ये संभाजी महाराज संगमेश्वरी पकडले गेले आणि मार्चात त्यांची क्रूरपणे हत्या झाली. नोव्हेंबरात रायगड पडला. येसूबाई आणि बालक शाहू शत्रूच्या हाती लागले. राजाराम महाराज त्यापूर्वीच सप्टेंबरात पन्हाळ्याहून निघून दूर दक्षिणेस जिंजीकडे गेले होते. राजधानी गेली, एक राजा मारला गेला, दुसरा शेकडो कोस दूर. कोणत्याही राज्यशास्त्राच्या हिशेबाने हे राज्य संपले होते. विजापूर आणि गोवळकोंडा ही दोन पुरातन राज्ये राजधान्या पडताच संपली, हे तर दोनतीन वर्षांपूर्वीचेच उदाहरण होते.

राजाराम महाराज जिंजीस सुमारे आठ वर्षे होते. त्या आठ वर्षांत येथे राजा नव्हता, सिंहासन नव्हते, खजिना जवळजवळ नव्हता. मग राज्य होते कोठे? माझे उत्तर असे की, ते या द्रोणीत होते.

हे काव्य नव्हे. याला घटनांचा आधार आहे. महाराजांनी मागे रामचंद्रपंत अमात्यांस हुकूमतपन्हा म्हणून सर्वाधिकार देऊन ठेविले होते. शंकराजी नारायण आणि परशुराम त्रिंबक हे त्यांचे उजवे-डावे हात. यांतील परशुराम त्रिंबक किन्हईचे, म्हणजे याच खोऱ्यातले. १६९० या एका वर्षात प्रतापगड, रोहिडा, राजगड आणि तोरणा हे गड मराठ्यांनी परत घेतले. त्याच वर्षी २५ मे रोजी साताऱ्याजवळ बादशहाचा मोठा सरदार रुस्तुमखान याच्या फौजेचा मोड करून त्याला बायकामुलांसह पकडले. १६९२ मध्ये परशुराम त्रिंबकांनी पन्हाळा सोडविला. हे सर्व राजा जिंजीत असताना झाले.

या युद्धाचे चालणे समजून घेतले म्हणजे खोऱ्याचे कारकत्व ध्यानी येते. बादशहाची छावणी म्हणजे चालते नगर. तिचा एक मोठा मुक्काम आपल्या कृष्णेच्याच काठी गलगल्यास होता. १६९५ साली जेमेली करेरी नावाचा इटालियन प्रवासी तेथे गेला, वृद्ध बादशहाला भेटला आणि त्या छावणीच्या प्रचंड विस्ताराचे वर्णन त्याने लिहून ठेविले. एवढ्या नगराला रोज धान्य लागते, वैरण लागते. आणि ती दुरून बैलांच्या पाठीवरून येते. मराठ्यांच्या स्वारांना मात्र वैरण खोऱ्यातच मिळे. पावसाळा त्यांनी गावी काढावा, दसऱ्यास सीमोल्लंघन करावे, शत्रूच्या रसदेवर पडावे, आणि पाठलाग झाला की गडांच्या आश्रयाला यावे. गड धान्य आणि दारूगोळा राखीत होता, गाव घोडा आणि माणूस देत होते, घाटवाट कोकणाशी दळणवळण ठेवीत होती. त्या एकाच द्रोणीत शेतकऱ्याचा जोंधळा, स्वाराची दौड आणि गडाचा तट एकत्र धरले गेले होते.

जिंजी १६९८ च्या प्रारंभी पडली, पण तत्पूर्वीच महाराज निसटले होते. ते परत आले आणि सातारा ही राजधानी झाली. तेव्हा वयाची ऐंशी वर्षे ओलांडलेल्या बादशहाने एकेक गड स्वतः जिंकण्याचा निश्चय केला, आणि ऑक्टोबर १६९९ मध्ये भीमाकाठची ब्रह्मपुरीची छावणी सोडून तो या खोऱ्यात शिरला. पहिला गड वसंतगड. तो नोव्हेंबरात सहज हाती आला, म्हणून त्याने त्याचे नाव ठेविले किलीद-इ-फतह, म्हणजे विजयाची किल्ली. किल्ली मिळाली, ती कोणत्या कुलपास लागणार होती, हे कळण्यास मात्र सात वर्षे जावी लागली.

डिसेंबरात साताऱ्यास वेढा पडला. छावणी करंज्यास होती. ग्रँट डफ आपल्या इतिहासात लिहितो की, गडावर प्रयागजी प्रभू हवालदार होता. वेढा चालू असतानाच २ मार्च १७०० रोजी राजाराम महाराज सिंहगडावर निवर्तले. ज्याच्यासाठी गड लढवावयाचा तो राजाच गेला. तरीही गड लढत राहिला. १३ एप्रिलला मोगलांनी तटाखाली सुरुंग उडविले. एका स्फोटात गडावरची माणसे दगावली, पण दुसऱ्या स्फोटात तट बाहेरच्या बाजूस, चढाईस सज्ज असलेल्या मोगल सैन्यावरच कोसळला आणि त्यांची सुमारे दोन हजार माणसे गेली, असे मोगलांच्याच लेखनावरून दिसते. अखेर २१ एप्रिलला तह होऊन गड खाली झाला. पुत्राच्या नावावरून बादशहाने त्याचे नाव आझमतारा ठेविले.

लगेच वेढा पडला तो परळीस, म्हणजे आपणा सर्वांच्या सज्जनगडास. शके १६०३ च्या माघ वद्य नवमीस समर्थ रामदासस्वामींनी तेथेच देह ठेविला होता. त्या समाधीला अठराच वर्षे होत होती, आणि उरमोडीच्या काठावर शत्रूचे तंबू उभे राहिले. ९ जून १७०० रोजी गड गेला आणि त्याला नौरसतारा हे नाव मिळाले. तेथून पुढे मात्र लढले ते माणूस नव्हे, खोरेच लढले. २१ जूनला बादशाही सैन्य पूर्वेकडे परत फिरले तेव्हा पाऊस ऐन भरात होता. चिखलात जनावरे मेली, कृष्णेला पूर आलेला. भूषणगडापर्यंतचे सुमारे पंचेचाळीस मैलांचे अंतर तोडावयास पस्तीस दिवस लागले. पंढरीचा वारकरी टाळ वाजवीत एवढे अंतर चार दिवसांत चालतो. पुढे छावणी खवासपुरास, भीमेला मिळणाऱ्या माण नदीच्या कोरड्या पात्रात आणि दोन्ही तीरांवर पडली. १ ऑक्टोबरच्या रात्री वरच्या डोंगरात झालेल्या पावसाचे पाणी एकाएकी आले. गोंधळात बादशहा पडला, त्याचा गुडघा निखळला आणि तो कायमचा लंगडा झाला. तैमूरलंगाचा वारसा त्यास लाभला, असे म्हणून दरबारी लोकांनी त्याचे सांत्वन केले.

भक्तजनहो, येथे थांबून कोणी म्हणेल की कृष्णामाईने आणि माणगंगेने धर्माचा कैवार घेतला. श्रद्धेचा हा उद्गार मी तोडून टाकीत नाही. पण व्याकरण शिकविणाऱ्याला एक गोष्ट सांगावीच लागते. अधिकरण हे कारक असले तरी ते कर्ता नव्हे. पाणिनीने कर्त्याची ओळख एकाच शब्दाने करून दिली आहे, आणि तो शब्द म्हणजे ‘स्वतंत्र’. क्रियेविषयी जो स्वतंत्र, तो कर्ता. नदी सर्वांनाच पाणी देते. वाईच्या देशमुखीच्या आशेने मोगलांस मिळालेला सूर्याजी पिसाळ कृष्णेचेच पाणी पीत होता. १६९७ मध्ये शंभू महादेवाच्या डोंगरात संताजी घोरपड्यांसारख्या वीराचा प्राण घेणारा नागोजी माने म्हसवडचा, माणगंगेच्या काठचा. संताजींसारखा सेनापती परक्यांच्या नव्हे, घरच्याच वैराने गेला. नदीचे पावित्र्य माणसाला आपोआप लागत असते, तर हे घडले नसते. जे पातेले देवदत्ताच्या हातचा भात शिजविते, तेच विषही शिजविते.

वतनाचा मोह हा त्या काळचा खरा सुरुंग होता. बादशहा वतने देत होता, म्हणून महाराजांनाही ती द्यावी लागली. १६९१ च्या एका पत्रात हणमंतराव घोरपड्यांस महाराजांनी सहा लक्ष होनांच्या सरंजामाचे वचन दिले आहे, आणि त्यातील काही भाग दिल्ली जिंकल्यावर द्यावयाचा आहे. जिंजीच्या वेढ्यात अडकलेला, तिजोरी रिकामी असलेला राजा दिल्लीच्या विजयावर वेतन ठरवितो, हे पाहून प्रथम हसू येते. नंतर मान आदराने लवते. पण त्याच वचनांतून सरदार बलाढ्य झाले आणि शिवछत्रपतींची वेतनाची शिस्त मोडली, हेही सत्य सांगावयास हवे.

आणि किंमत कोणी दिली? दोन्ही सैन्ये ज्याच्या शेतातून गेली, त्याने. मोगलांचा तळ पडला की कणसे त्यांच्या घोड्यांस. मराठ्यांची फौज आली की उरलेले तिला. १७०२ ते १७०४ या काळात दक्षिणेत अवर्षण आणि रोगराई यांनी कहर केला. वीस लाखांहून अधिक माणसे दगावली असे मनूची लिहितो. ही संख्या एका परकीयाचा अंदाज आहे, पण संकटाचे मान त्यावरून कळते. गावे ओस पडली. ती पुन्हा वसविण्यासाठी मराठ्यांच्या कारभाऱ्यांनी कौल दिले, म्हणजे अमुक वर्षे सारा माफ, पुढे थोडा थोडा वाढवीत घेऊ, निर्भयपणे येऊन जमीन लावावी. कौल मिळाल्यावर पुन्हा नांगर धरणाऱ्या त्या कुणब्याचे नाव कोठल्याही बखरीत नाही. परंतु क्रियेविषयी तो स्वतंत्र होता. तो मोगलाईत निघून जाऊ शकत होता. तो परत आला. म्हणून तो कर्ता होय.

राजाराम महाराजांमागे राज्य चालविले ते पंचविशीतल्या एका विधवेने. महाराणी ताराबाई या हंबीरराव मोहित्यांच्या कन्या. ज्या तळबीडच्या डोक्यावरचा वसंतगड बादशहाने विजयाची किल्ली म्हणून घेतला, त्याच तळबीडच्या मोहित्यांची ही लेक. खाफीखानासारख्या मोगल इतिहासकारानेही तिच्या बुद्धीची आणि कारभाराची प्रशंसा केली आहे. बादशहा १७०१ मध्ये पन्हाळा, १७०२ मध्ये विशाळगड, १७०३ मध्ये सिंहगड, १७०४ मध्ये राजगड व तोरणा असे गड घेत गेला; काही गडांसाठी त्याला पैसेही मोजावे लागले. आणि इकडे ताराबाईंच्या फौजा नर्मदेपलीकडे माळव्यात जाऊन खंडण्या घेऊ लागल्या. बादशहा तटावर तट जिंकत होता, पण तटाखालच्या गावातला जोंधळा अजूनही मराठ्यांच्याच घोड्यांना मिळत होता.

त्याचा शेवटचा वेढाही कृष्णेच्या परिसरातच झाला, हे आपण सीमाभागातील लोकांनी विसरू नये. १७०५ मध्ये कृष्णा आणि भीमा यांच्या दुआबात वाकिनखेड्यास बेरडांच्या नायकाने त्याला अडविले. धनाजी जाधव साहाय्यास धावले. नायक कन्नडभाषी प्रदेशाचा, धनाजी मराठे. दोघांचा शत्रू एक होता आणि नदी एक होती. गड पडला, पण नायक आणि मराठे निसटले. नंतर कृष्णेजवळ देवापूरच्या मुक्कामी बादशहा अत्यवस्थ झाला. कसाबसा तो अहमदनगरास पोचला आणि १७०७ च्या प्रारंभी तेथेच मरण पावला. त्याच वर्षाच्या अखेरीस शाहू महाराज साताऱ्यास आले, तेव्हा गड परशुराम त्रिंबकांकडे होता. आझमतारा हे नाव तोवर कागदावरच उरले होते.

एवढ्यावर व्याख्यान संपविले तर आपणा सर्वांस संतोष वाटेल. पण कथा येथे संपत नाही. ऑक्टोबर १७०७ मध्ये खेडला भीमेच्या काठी शाहू आणि ताराबाई यांच्या फौजा एकमेकींवर तुटून पडल्या. १२ जानेवारी १७०८ रोजी साताऱ्यास शाहू महाराजांचा राज्याभिषेक झाला. ताराबाई पन्हाळ्यास गेल्या आणि एका राज्याची दोन झाली. शत्रूच्या काळात जे स्वातंत्र्य प्रत्येकाने आपापल्या गडावर बाणेदारपणे राखले, तेच शत्रू गेल्यावर घरातल्या घरात भिंती घालू लागले. १७३१ मध्ये कऱ्हाडजवळ जखीणवाडीस शाहू आणि कोल्हापूरचे संभाजी भेटले, आणि त्याच वर्षी वारणेचा तह होऊन ती नदी दोन बंधूंच्या राज्यांमधली सीमा ठरली. ज्या पाण्याने युद्धात सर्वांना एकत्र धरले, त्या पाण्यावर रेघ ओढली गेली. ताराबाईंनी हे सारे पाहिले. १७६१ च्या डिसेंबरात, पानिपतानंतर काही महिन्यांनी, त्यांनी साताऱ्यासच देह ठेविला. आपण सीमेवर राहणारे लोक. नदीला सीमा करणे म्हणजे काय, हे आपणास कोणी समजावून सांगावयास नको.

आता हे सर्व या मठात, या उत्सवात सांगण्याचे प्रयोजन काय? मठांनी हाती तलवार घेऊन हे युद्ध जिंकले, असा दावा मी करणार नाही. तसा दावा सत्याला धरून होणार नाही, आणि सत्य सोडून केलेली स्तुती गुरूंनाही रुचत नाही. पण चाफळच्या मांड नदीकाठी, मसूरास, उंब्रजेस, शहापुरास समर्थांनी मारुती आणि राम यांची स्थापना केली ती याच खोऱ्यात, आणि या युद्धाच्या कित्येक वर्षे आधी. उत्सवानिमित्त गावोगावचे लोक एकत्र बसावयास शिकले. राजा नसताना, अधिकारी नसताना, ठरल्या तिथीस ठरले कार्य होते, याची सवय ज्या समाजाला लागते, तो समाज सिंहासन रिकामे झाले म्हणून विस्कळीत होत नाही. समर्थांनी देह ठेविला तरी रामनवमी चुकली नाही. राजा जिंजीस गेला तरी गडाचा पहारा चुकला नाही. या दोन गोष्टींत कार्यकारणभाव सिद्ध करण्याइतका पुरावा माझ्यापाशी नाही. पण दोन्ही एकाच जातीच्या गोष्टी आहेत, एवढे मी निश्चितपणे म्हणतो.

मठ हे असे अधिकरण आहे. तो धरून ठेवतो. कोणी येथे विद्या शिजवितो, कोणी भक्ती, कोणी सेवा. मठाच्या भिंती आपल्यासाठी काही करीत नाहीत, अशी तक्रार मी तरुणांच्या तोंडून ऐकतो. त्यांना माझे सांगणे एवढेच की, आधाराने आधाराचे काम केले आहे. कर्त्याची जागा रिकामी आहे, ती भरा. आणि वडीलधाऱ्यांना नम्र विनंती अशी की, ज्या पात्रात आजवर सर्वांसाठी शिजले, त्याच्या वाटण्या होऊ देऊ नयेत. पंगतीत कोण कोठे बसला, कोणत्या भाषेत जयजयकार झाला, मान कोणाचा आधी, अशा क्षुल्लक कारणांवरून वारणेचे तह घरोघरी होत असतात.

आज सायंकाळी श्रींच्या पादुकांना कृष्णेच्या जलाने अभिषेक होईल. ते तीर्थ हातावर घेताना माहुली, कऱ्हाड, परळी आणि गलगले यांचे एकवार स्मरण व्हावे. ज्यांची नावे आपणास ठाऊक आहेत त्यांचे, आणि ज्या कुणब्यांची नावे कोणी लिहून ठेविली नाहीत त्यांचेही.  न्यून असेल ते माझे, आणि काही बरे घडले असेल तर ते श्रीगुरूंचे, अशा भावनेने ही वाक्सेवा श्रीचरणी अर्पण करतो.

॥ शुभं भवतु ॥